परत आलेल्या बूस्टरची साक्ष

२८ जानेवारी १९८६, मंगळवार. गंगाखेडच्या घड्याळात रात्रीचे दहा वाजून आठ मिनिटं झाली तेव्हा फ्लोरिडातल्या केनेडी अवकाश केंद्रावर सकाळचे ११.३८ वाजले होते, आणि ‘चॅलेंजर’ हे ‘शटल’ मालिकेतलं अवकाशयान सात माणसांना घेऊन उडालं. ७३ सेकंदांत ते नष्ट झालं. एवढी हकीकत बहुतेकांना ठाऊक असते. उजव्या बूस्टरच्या सांध्यातली रबरी कडी थंडीने कडक झाली, ज्वाळा बाहेर आली, इंधनाची टाकी फुटली, हेही पुष्कळांनी वाचलेलं असतं. कमी सांगितलं जातं ते एवढंच, की हे बूस्टर एकदा वापरून टाकून द्यायचे नव्हते. उड्डाणानंतर ते समुद्रातून ओढून आणले जात, उघडले जात, तपासले जात. चार वर्षं ते परत येऊन आपलं दुखणं दाखवत होते.

आज पुन्हा वापरायच्या बूस्टरचा जमाना आला आहे. डिसेंबर २०१५ मध्ये ‘फाल्कन ९’चा पहिला टप्पा जमिनीवर उभा उतरला. १३ ऑक्टोबर २०२४ रोजी ‘स्टारशिप’चा महाकाय बूस्टर टेक्सासमध्ये मनोऱ्याच्या दोन हातांनी हवेतच झेलला. त्याच्या महिनाभर आधी, १८ सप्टेंबरला, भारताच्या केंद्रीय मंत्रिमंडळाने पुढच्या पिढीच्या रॉकेटला मंजुरी दिली. ८,२४० कोटी रुपये, पृथ्वीजवळच्या कक्षेत ३० टन नेण्याची ताकद, आणि पहिला टप्पा परत येणारा. वापरून टाकून देण्याच्या पद्धतीतून काय होतं याचा नमुना आपल्या राज्यानेही पाहिला आहे. २ एप्रिल २०२२ च्या संध्याकाळी महाराष्ट्राच्या आकाशात जळत्या रेघा दिसल्या आणि चंद्रपूर जिल्ह्यात सिंदेवाही तालुक्यातल्या लाडबोरी गावात सुमारे तीन मीटर व्यासाचं धातूचं कडं येऊन पडलं. चिनी रॉकेटच्या वरच्या टप्प्याचा तो अवशेष असावा, असं जाणकारांचं मत पडलं. कोणाला इजा झाली नाही, हे नशीब. तेव्हा टप्पे परत यावेत हे चांगलंच. पण परत आलेल्या टप्प्याचं ऐकणार कोण, हा प्रश्न चॅलेंजरच्या शेवटच्या चोवीस तासांत जेवढा उघडा पडला तेवढा पुन्हा कधी पडलेला नाही.

पुढच्या वेळा फ्लोरिडाच्या आहेत, कंसात गंगाखेडच्या, म्हणजे भारतीय. दोहोंत साडेदहा तासांचं अंतर.

घड्याळ सुरू करण्याआधी यंत्र समजून घेऊ. चॅलेंजरच्या दोन्ही अंगांना ४५ मीटर उंचीचा आणि ३.७ मीटर व्यासाचा एकेक बूस्टर होता. प्रत्येकात सुमारे ५०० टन घन इंधन. हे इंधन एकदा पेटलं की विझवता येत नाही, त्याचा जोरही हवा तेव्हा कमी करता येत नाही. दोन मिनिटांत ते जळून संपायचं, रिकामे बूस्टर सुटायचे, हवाईछत्र्यांनी अटलांटिकमध्ये उतरायचे. ‘लिबर्टी’ आणि ‘फ्रीडम’ नावाची दोन जहाजं ते ओढून किनाऱ्याला आणायची. तिथे ते सुटे करून पोलादी कवचाचे तुकडे रेल्वेने युटा राज्यात, मॉर्टन थायोकॉल कंपनीच्या कारखान्यात जायचे. धुऊन, तपासून, नवं इंधन ओतून परत फ्लोरिडाला. एकेक तुकडा वीसेक वेळा वापरायचा, असा हिशेब होता.

रेल्वेने न्यायचं म्हणून बूस्टर तुकड्यांत, आणि तुकडे म्हणून सांधे. एका तुकड्याची जीभ दुसऱ्याच्या खाचेत बसवायची आणि भोवती १७७ खिट्ट्या ठोकायच्या. आतला वायू बाहेर येऊ नये म्हणून सांध्यात ‘ओ-रिंग’ नावाच्या दोन रबरी कड्या, एक मुख्य आणि एक राखीव. कडीची जाडी जेमतेम सात मिलिमीटर आणि घेर अकरा मीटरांहून जास्त. बूस्टर पेटला की आतल्या दाबाने पोलादी भिंत किंचित फुगायची आणि सांधा क्षणभर उघडायचा. त्या क्षणाच्या आत दबलेल्या कडीने पुन्हा पसरून फट बुजवायची. कुकरची रिंग कडक झाली की शिट्टीऐवजी कडेने वाफ जाते, तेच इथे. फरक इतकाच, की इथे वाफेच्या जागी पोलाद वितळवणारा वायू होता आणि फट बुजवायला मिळणारा वेळ अर्ध्या सेकंदाच्या आसपास.

नोव्हेंबर १९८१

शटलचं दुसरं उड्डाण. परत आलेला उजवा बूस्टर उघडला तेव्हा एका सांध्यातली मुख्य कडी सव्वा मिलिमीटरहून खोल खाल्लेली दिसली. आराखड्याप्रमाणे कडीला गरम वायूचा स्पर्शही व्हायला नको होता. पुढच्या वर्षी हा सांधा ‘निकामी झाला तर यान आणि माणसं जातील’ या पहिल्या वर्गात टाकला गेला, कारण सांधा उघडला की राखीव कडीवर भरवसा ठेवता येत नाही हे कागदावर मान्य झालं होतं. उड्डाणं मात्र चालू राहिली.

इथेच विचाराची गाडी रुळावरून घसरली. झीज झाली ती का झाली हे शोधण्याऐवजी किती झाली हे मोजलं जाऊ लागलं. कडी तृतीयांश खाल्ली गेली तरी यान सुखरूप आलं, म्हणजे अजून दोन तृतीयांश शिल्लक, हा सुरक्षेचा गाळा धरला गेला. अपघाताच्या चौकशी आयोगात बसलेल्या रिचर्ड फाइनमन या भौतिकशास्त्रज्ञाने पुढे याच हिशेबाची साल काढली. जी गोष्ट घडायलाच नको, ती थोडी घडली म्हणून सुरक्षित कशी?

२४ जानेवारी १९८५

फ्लोरिडात कडाक्याची थंडी. त्या उड्डाणाच्या वेळी सांध्यांचं तापमान सुमारे १२ अंश सेल्सियस होतं. परत आलेल्या बूस्टरच्या दोन कड्यांमधलं ग्रीस काळंकुट्ट झालेलं थायोकॉलचे अभियंते रॉजर बोजोले यांनी स्वतः पाहिलं. वायू मुख्य कडी ओलांडून पलीकडे गेला होता. ३१ जुलैला त्यांनी वरिष्ठांना पत्र लिहिलं, की याकडे आत्ता लक्ष दिलं नाही तर मोठा अनर्थ होईल आणि माणसं मरतील. त्याच महिन्यात नासाने सांध्याच्या कारणावरून उड्डाणांवर औपचारिक बंधन घातलं. मग प्रत्येक उड्डाणाच्या वेळी त्याच बंधनाला सूट देण्यात आली.

२७ जानेवारी १९८६, दुपारी १२.३६ (गंगाखेड: रात्री ११.०६)

आधीच अनेकदा पुढे गेलेलं उड्डाण पुन्हा रद्द. दाराच्या मुठीचा बोल्ट निघेना, त्यात तास गेले. तोवर धावपट्टीवर आडवा वारा वाढला. दुसऱ्या दिवसाची वेळ ठरली. हवामानखात्याचा अंदाज आला, की रात्री पारा शून्याच्या खाली जाईल.

दुपारी २ नंतर

नासाच्या अलाबामातल्या मार्शल केंद्रातून युटाला विचारणा झाली, इतक्या थंडीत बूस्टरला काही होईल का? थायोकॉलमध्ये रॉबर्ट एबेलिंग यांनी अभियंत्यांना गोळा केलं. घन इंधनाची कोणाला फारशी काळजी वाटली नाही. सगळ्यांचं बोट कडीवर. एबेलिंगनी केनेडी केंद्रावर असलेले कंपनीचे अधिकारी ॲलन मॅकडोनाल्ड यांना फोन लावून तासातासाचं तापमान मागितलं.

सायंकाळी ५.४५ (गंगाखेड: २८ तारखेची पहाट, ४.१५)

पहिली दूरध्वनी-बैठक. थायोकॉलचं म्हणणं, उद्या दुपारपर्यंत थांबा. आवाज नीट ऐकू येत नव्हता, सगळी माणसं हजर नव्हती. तक्ते तयार करून रात्री पुन्हा बोलायचं ठरलं.

रात्री ८.४५ (गंगाखेड: सकाळी ७.१५)

गंगाखेडात कोवळं ऊन पडत होतं तेव्हा युटा, अलाबामा आणि फ्लोरिडा अशा तीन ठिकाणची तीसेक माणसं एका फोनवर जमली. युटाहून फॅक्सने हाताने लिहिलेले तक्ते आले. बोजोले आणि त्यांचे सहकारी आर्नी थॉम्पसन यांनी मुद्दा मांडला: थंड कडी आळशी होते. चाचणीत असं दिसलं होतं, की दाबून सोडलेली कडी २४ अंशांना जितक्या चपळाईने पूर्ववत होते त्याच्या पाचव्या हिश्श्याने उणे एक अंशाला होते. सर्वांत थंड उड्डाण १२ अंशांचं, आणि त्यात सर्वांत जास्त काजळी. शिफारस अशी, की सांध्याचं तापमान १२ अंशांच्या खाली असेल तर उडू नये.

नासाच्या बूस्टर प्रकल्पाचे प्रमुख लॉरेन्स मलॉय यांनी हे खोडून काढायला सुरुवात केली. त्यांचं बोलणं आज वाचताना संताप येतो. पण न्यायाने सांगायचं तर त्यांच्या एका प्रश्नाला त्या रात्री कोणाकडे उत्तर नव्हतं. ऑक्टोबर १९८५ चं उड्डाण २४ अंशांत झालं होतं, तरी त्याच्याही सांध्यात वायू पुढे गेला होता. मग दोष थंडीला कसा द्यायचा?

उत्तर समोरच्याच माहितीत होतं. फोनवरच्या सगळ्यांनी फक्त झीज झालेल्या उड्डाणांचे आकडे मांडले होते. झीज न झालेली उड्डाणं कोणी तक्त्यात घेतलीच नाहीत, कारण तिथे ‘काही घडलं नव्हतं’. चौकशी आयोगाने नंतर सगळी २४ उड्डाणं एका कागदावर मांडली. सांध्याचं तापमान साधारण १९ अंश किंवा जास्त असताना झालेल्या २० उड्डाणांपैकी तिनातच कडीला इजा दिसली होती. साधारण १७ अंश किंवा त्याखाली झालेली चार उड्डाणं, आणि चारींत इजा. हा तक्ता काढायला संगणकही लागत नाही, चौकटीची वही पुरते. परत आलेल्या प्रत्येक बूस्टरने आपली जबानी नोंदवली होती. धडधाकट परतलेल्यांची जबानी मात्र कोणी घेतली नाही, आणि निर्दोष साक्षीदार वगळला की आरोपीविरुद्धचा पुरावाही लंगडा पडतो.

नासाचे जॉर्ज हार्डी म्हणाले, की या शिफारशीने आपण थक्क झालो आहोत. पण कंपनी नको म्हणत असेल तर आपण उडवणार नाही. उड्डाणाच्या आदल्या रात्री नवा नियम काढता, मग उडायचं कधी, एप्रिलमध्ये का, असं मलॉयनी विचारलं. एरवी अशा बैठकांत नासा कंपनीला विचारायची, ‘सुरक्षित आहे हे सिद्ध करा.’ त्या रात्री प्रश्न उलटा झाला होता: ‘असुरक्षित आहे हे सिद्ध करा.’

रात्री १०.३० (गंगाखेड: सकाळी ९.००)

थायोकॉलने पाच मिनिटं मागितली. युटाचा फोन बंद केला गेला. पाच मिनिटांची तीस झाली.

आत काय चाललं ते नंतर साक्षींतून बाहेर आलं. वरिष्ठ उपाध्यक्ष जेराल्ड मेसन म्हणाले, आता व्यवस्थापनाने निर्णय घ्यायला हवा. बोजोले आणि थॉम्पसन उठून टेबलापाशी आले. एकाने कागदावर सांधा काढून दाखवला, दुसऱ्याने काजळीचे फोटो पुढे ठेवले. मग समोरची माणसं ऐकत नाहीत हे कळल्यावर दोघे जागेवर जाऊन बसले. अभियांत्रिकी विभागाचे उपाध्यक्ष रॉबर्ट लंड अडखळत होते. मेसननी त्यांना सांगितलं, इंजिनिअरची टोपी उतरवा आणि मॅनेजरची घाला. चार व्यवस्थापकांनी मत दिलं, उडवा. अभियंत्यांना मत विचारलं गेलं नाही.

त्या कंपनीचं बूस्टरचं कंत्राट तेव्हा पुन्हा वाटाघाटीत होतं. मेसन आणि लंड यांच्या डोक्यात ते किती होतं हे सांगता येणार नाही, आणि मला त्यांना खलनायक करायचं नाही. खलनायक सापडला की वाचकाचं समाधान होतं, सांधा आहे तसाच राहतो.

रात्री ११.०० (गंगाखेड: सकाळी ९.३०)

फोन पुन्हा सुरू. थायोकॉलचे जो किलमिन्स्टर यांनी नवी भूमिका वाचली. थंडीची चिंता आहे, पण माहिती निर्णायक नाही. मुख्य कडी बसली नाही तर राखीव बसेल. वर्गवारीत तीन वर्षांपूर्वीच जिच्यावर भरवसा नाही असं लिहिलं गेलं होतं, तीच ही राखीव कडी. कोणाला काही बोलायचं आहे का, असं विचारलं गेलं. कोणी बोललं नाही. नासाने हे सहीनिशी लेखी मागितलं.

फ्लोरिडात बसलेले मॅकडोनाल्ड हे कंपनीचे तिथले सर्वांत ज्येष्ठ प्रतिनिधी. सही त्यांची असायला हवी होती. त्यांनी नकार दिला. सही युटाहून किलमिन्स्टरनी केली आणि ११.४५ ला फॅक्स निघाला.

रात्री ११.१५ ते ११.३० (गंगाखेड: सकाळी ९.४५ ते १०.००)

सगळ्या घटनाक्रमात माझ्या मते सर्वांत जड पाव तास हाच आहे.

मॅकडोनाल्ड सही नाकारून थांबले नाहीत. न उडण्याची तीन कारणं त्यांनी तोंडावर सांगितली. एक, कड्या. दोन, उड्डाणतळावर साचणारा बर्फ. तीन, समुद्र खवळला आहे आणि बूस्टर गोळा करणारी जहाजं वादळात आपला जीव वाचवत किनाऱ्याकडे सरकत आहेत. उद्या बूस्टर पडले तरी उचलायला जागेवर कोणी नसेल. उद्या काही झालं तर चौकशी मंडळापुढे मी उभा राहून याचं समर्थन करणार नाही, असंही ते म्हणाले. उत्तर मिळालं, ही तुमची काळजी नव्हे.

साडेअकराच्या सुमाराला मलॉय आणि त्यांचे वरिष्ठ स्टॅन्ली राइनार्ट्झ यांनी शटल कार्यक्रमाचे प्रमुख आर्नल्ड ऑल्ड्रिच यांना फोन केला. उड्डाण थांबवण्याचा अधिकार असलेल्या माणसांच्या साखळीत ऑल्ड्रिच होते. फोनवर बर्फाचं बोलणं झालं. जहाजांचं झालं: वादळामुळे हवाईछत्र्या आणि बूस्टरच्या शेंड्याचे भाग हाती न लागण्याचा धोका आहे, चालेल का? ऑल्ड्रिचनी तो धोका मान्य केला.

कड्यांचं बोलणं झालं नाही. बूस्टर बनवणाऱ्या कंपनीच्या अभियंत्यांनी दोन तास उड्डाणाला विरोध केला, हे ऑल्ड्रिचना कळलंच नाही.

म्हणजे बूस्टर परत मिळेल की नाही, ही चिंता वरपर्यंत पोचली. परत मिळालेल्या बूस्टरांनी काय दाखवलं होतं, ते खालीच राहिलं. पुनर्वापराच्या साऱ्या व्यवस्थेचा लेखाजोखा या एका फोनमध्ये आहे. भांडं परत आणायची काळजी होती, त्याला पडलेल्या भेगेची नव्हती.

२८ जानेवारी, पहाटे १.३० (गंगाखेड: दुपारी १२.००)

गंगाखेडात भर दुपार. फ्लोरिडात बर्फ तपासणारं पथक ३९-बी क्रमांकाच्या तळावर चढलं. पाइप फुटू नयेत म्हणून नळ बारीक सोडून ठेवले होते. ते पाणी वाऱ्याने उडून मनोऱ्यावर बर्फाचे सुळके लोंबत होते. दरम्यान जमिनीवरच्या हायड्रोजनच्या साठ्यातलं आगीची सूचना देणारं उपकरण बिघडलं, टाकी भरायला उशीर झाला आणि उड्डाण तासभर पुढे गेलं.

पहाटे ५.०० (गंगाखेड: दुपारी ३.३०)

मार्शल केंद्राचे संचालक विल्यम लुकास यांना कड्यांवरचा वाद आणि तो ‘मिटला’ हे सांगण्यात आलं. त्यांनीही ते पुढे नेलं नाही.

सकाळी ७.०० ते ८.४४ (गंगाखेड: सायंकाळी ५.३० ते ७.१४)

बर्फपथकाची दुसरी फेरी. त्यांच्याजवळ दुरून तापमान मोजणारं उपकरण होतं. डाव्या बूस्टरवर उणे चार अंश. उजव्या बूस्टरच्या खालच्या भागावर उणे तेरा. उपकरणाच्या अचूकतेवर नंतर वाद झाला, पण दोन बूस्टरांत एवढा फरक आणि तो नेमका उजव्या खालच्या सांध्याजवळ, हे विचारात घ्यायला हवं होतं. बूस्टरच्या पृष्ठभागाचं तापमान उड्डाणाच्या अटींत नव्हतं. जे अटींत नाही ते वर कळवायचं नाही. आकडा वहीत राहिला.

तोवर ८.३६ पर्यंत सातही जण यानात बसले होते: डिक स्कोबी, मायकेल स्मिथ, एलिसन ओनिझुका, ज्युडिथ रेझ्निक, रोनाल्ड मॅकनेअर, ग्रेगरी जार्विस आणि क्रिस्टा मॅकऑलिफ. शेवटच्या बाई शाळेतल्या शिक्षिका. अवकाशातून धडे शिकवणार म्हणून अमेरिकेतल्या कितीतरी शाळांनी वर्गात टीव्ही लावले होते.

सकाळी ९.०० (गंगाखेड: सायंकाळी ७.३०)

व्यवस्थापनाची बैठक बर्फावर. यान बनवणाऱ्या रॉकवेल कंपनीचे रोको पेट्रोनी कॅलिफोर्नियात पडद्यावर सुळके पाहत होते. आम्ही सुरक्षिततेची हमी देऊ शकत नाही, असं त्यांनी आपल्या माणसांना नासाला सांगायला लावलं. नासाने याचा अर्थ ठाम नकार असा घेतला नाही. बर्फ वितळावा म्हणून वेळ पुढे ढकलली आणि साडेदहाला तिसरी फेरी झाली.

सकाळी ११.३८ (गंगाखेड: रात्री १०.०८)

हवेचं तापमान दोन अंशांच्या आसपास. आधीच्या कुठल्याही उड्डाणापेक्षा कितीतरी थंड. उजव्या खालच्या सांध्याचं तापमान नंतर उणे दोनच्या जवळ काढलं गेलं.

०.६७८ सेकंद. त्या सांध्यातून करड्या धुराचा पहिला झोत. कॅमेऱ्याने टिपला, पण त्या क्षणी कोणी पाहिला नाही. अडीच सेकंदांपर्यंत धूर फुकफुकत राहिला आणि मग थांबला. इंधनातल्या ॲल्युमिनियमची राख फटीत अडकून ती तात्पुरती बुजली असावी.

युटात बोजोले आणि एबेलिंग एका खोलीत टीव्हीसमोर होते. स्फोट झालाच तर तळावरच होईल अशी बोजोलेंची भीती होती. यान वर चढलं तसा त्यांचा श्वास मोकळा झाला. साठाव्या सेकंदाच्या सुमाराला एबेलिंगनी सांगितलं, की आत्ताच मनात देवाचे आभार मानले.

३७ वं सेकंद. यानाला जोरदार आडवे झोत लागू लागले. पट्टीसारखी बसलेली राख त्याच हादऱ्यांनी सुटली असावी.

५८.८ वं सेकंद. सांध्याजवळ ज्वाळेची लवलव.

६४.७ वं. ज्वाळेने हायड्रोजनची टाकी गाठली.

सत्तराव्या सेकंदाला स्कोबींचा आवाज, इंजिनांचा जोर वाढवण्याच्या सूचनेला होकार देणारा.

७३ वं सेकंद. बूस्टरला टाकीशी धरून ठेवणारा खालचा आधार तुटला, टाकी फुटली, आणि चौदा किलोमीटर उंचीवर, आवाजाच्या जवळजवळ दुप्पट वेगात, चॅलेंजरचे तुकडे झाले.

११० वं सेकंद. सगळ्या विध्वंसातून बाहेर पडून दोन्ही बूस्टर दिशाहीन उडत होते. सुरक्षा अधिकाऱ्याने रेडिओच्या संदेशाने त्यांचा स्फोट घडवून आणला. माणसांची केबिन मात्र अखंड राहून वर गेली आणि यान तुटल्यापासून पावणेतीन मिनिटांनी समुद्रावर आदळली. चार आपत्कालीन श्वासयंत्रं सापडली, त्यांतली तीन कोणीतरी सुरू केलेली होती. तेवढ्यावरून किमान काही जण तुकडे झाल्यानंतरही शुद्धीवर होते, असा निष्कर्ष निघाला.

एप्रिलमध्ये समुद्रतळातून उजव्या बूस्टरचा भोक पडलेला तुकडा वर काढला. तोही शेवटी परत आला.

त्यानंतर सांध्याची रचना बदलली. तिसरी कडी आली, भिंत फुगली तरी फट उघडू नये म्हणून पोलादी ओठ आला, थंडीसाठी हीटर आले. हे काम ज्यांच्याकडे सोपवलं गेलं ते सही नाकारणारे मॅकडोनाल्ड. साक्ष दिल्याबद्दल कंपनीने आधी त्यांना बाजूला सारलं होतं. अमेरिकी संसदेत ओरड झाल्यावर परत आणलं. २९ सप्टेंबर १९८८ रोजी शटल पुन्हा उडालं आणि २०११ पर्यंत या सांध्याने पुन्हा दगा दिला नाही. गंमत अशी, की त्याच शटलसाठी बनवलेली कवचं आता नासाच्या ‘एसएलएस’ या महारॉकेटच्या बूस्टरांत वापरली जातात, आणि ती परत आणली जात नाहीत. वीस वेळा वापरायचा म्हणून घडवलेला तुकडा शेवटी समुद्राच्या तळाशी.

आता आपल्याकडचं. चांद्रयान-३ ला १४ जुलै २०२३ रोजी उचलणाऱ्या एलव्हीएम-३ रॉकेटला ‘एस-२००’ नावाचे दोन घन इंधनाचे बूस्टर असतात. ३.२ मीटर व्यासाचे, प्रत्येकात दोनशे टनांवर इंधन, आणि तेही तुकड्यांत जोडलेले. त्यांच्या पोलादी कवचाचे तुकडे इंदापूर तालुक्यातल्या वालचंदनगरला आणि मुंबईत पवईला घडतात. घन इंधनाची विद्या देशात रुजवणाऱ्यांत आघाडीवर होते ते पुण्याचे डॉ. वसंत गोवारीकर. हेच रॉकेट गगनयानात माणसं नेणार आहे. मे २०२२ मध्ये श्रीहरिकोट्याला त्याच्या मानवी आवृत्तीचा बूस्टर १३५ सेकंद पेटवून पाहिला, तेव्हा कवचाच्या सांध्यांना जादा संरक्षण दिल्याचं इस्रोने सांगितलं होतं. चॅलेंजरचा धडा आपल्या अभियंत्यांनी धातूत उतरवला आहे, यात शंका नाही.

पण एस-२०० परत येत नाही, बंगालच्या उपसागरात जातो. उड्डाणानंतर त्याच्या सांध्यात काय झालं हे कोणी उघडून पाहू शकत नाही. पुढच्या पिढीचं रॉकेट आलं, की इस्रोच्या हाती प्रथमच वापरलेला टप्पा येईल, काजळीसकट. त्यासाठी नवी तपासणी लागेल, नवी माणसं लागतील, आणि त्यांचे अहवाल कुठवर जाणार हे आत्ताच, रॉकेट कागदावर असताना, ठरवावं लागेल. इस्रोत उड्डाणाची परवानगी एक मंडळ देतं. परत आलेला टप्पा ज्यांनी उघडून पाहिला त्यांचा अहवाल, विरोधी मतासह, मधल्या कोणाच्या सारांशाशिवाय त्या मंडळासमोर जावा, आणि त्यात धडधाकट परतलेल्या टप्प्यांचेही आकडे असावेत. हे नियमात लिहून घ्या, एवढीच विनंती.